जमातीचा दाखला: निकाह, तलाक, वैधव्य आणि अविवाहित असल्याचा कागद कसा मिळवायचा

निकाह कुणाशी झाला, कधी झाला, मोडला का, नवरा हयात आहे का, मुलगा अजून बिनलग्नाचा आहे का, हे मोहल्ल्यात सगळ्यांना ठाऊक असतं. अडतं ते हेच कुणी सहीशिक्क्यानिशी कागदावर मागितलं की. दुसऱ्या गावची जमात, म्हणजे तिथल्या मुसलमानांची पंचसंस्था, निकाह पढवण्याआधी पत्र मागते. आखातातला मुलगा बायकोला न्यायला निघतो तेव्हा व्हिसासाठी लग्नाचा पुरावा लागतो. नवरा गेल्यावर बँक विचारते, तुम्ही त्यांच्या पत्नी कशावरून? आणि कागद नसला की बहुतेक वेळा बाईच अडकते. निकाह पुरुषाच्या गावी झालेला असतो आणि कागदही त्याच्याच कपाटात पडलेला असतो.

सुरुवातीलाच एक गोष्ट पक्की समजून घ्या. जमात किंवा काझी देतात तो दाखला म्हणजे त्यांच्या रजिस्टरची साक्ष. ते शासनाचं प्रमाणपत्र नव्हे आणि न्यायालयाचा निकालही नव्हे. काझी अधिनियम १८८० चा आहे आणि त्याच्या कलम ४ मध्ये हे स्पष्ट लिहिलेलं आहे: काझी नेमला म्हणून त्याला न्यायदानाचे किंवा प्रशासकीय अधिकार मिळत नाहीत, आणि निकाहाला त्याने हजर असलंच पाहिजे असंही नाही. फतवे आणि दारुल कझा (शरीयतप्रमाणे तंटे ऐकणारी मंडळं) यांना कायद्याची मान्यता नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितलं. काझीने दिलेलं तलाकचं प्रमाणपत्र हे केवळ मत आहे, असं मद्रास उच्च न्यायालयाने जानेवारी २०१७ मध्ये म्हटलं. म्हणून दाखला निरुपयोगी ठरत नाही. साक्ष जितकी नेमकी, तितका तो कागद पुढच्या टेबलावर उपयोगी पडतो.

आधी ठरवा: कागद दाखवायचा कुणाला?

जमातीच्या कार्यालयात जाऊन नुसतं "मॅरेज सर्टिफिकेट द्या" म्हणू नका. चार वेगवेगळे कागद या एकाच नावाने मागितले जातात आणि चुकीचा हातात पडतो. निकाह झालेला असेल तर हवी असते निकाहनाम्याची प्रमाणित नक्कल. लग्न व्हायचं असेल तर अविवाहित असल्याचा दाखला आणि त्यासोबत ना हरकत पत्र. तलाक किंवा खुला (बायकोच्या मागणीवरून निकाह सोडवणं) झालेला असेल तर त्याच्या नोंदीचा उतारा. नवरा किंवा बायको वारली असेल तर मृत्यूच्या सरकारी दाखल्याला जोड म्हणून निकाहाचा उतारा. दुसऱ्या जमातीत दाखवायचा असेल तर उर्दू चालतं. तहसील, बँक, ग्रामपंचायत यांच्यासाठी मराठीत घ्या, परदेशासाठी इंग्रजीत.

जायचं कुणाकडे हेही जागेवर ठरतं. कोकणात, रत्नागिरी-रायगडच्या गावांत, गावची जमात हीच नोंद ठेवणारी संस्था. तिथे सदर (अध्यक्ष) आणि सेक्रेटरीची सही लागते, निकाह पढवणारे असतात पेशइमाम किंवा खतीब. मराठवाड्यात आणि पश्चिम महाराष्ट्रातल्या शहरांत रजिस्टर बहुधा काझीसाहेबांच्या घराण्यात असतं आणि मशिदीच्या ट्रस्टकडे काहीच नसतं. दाऊदी बोहरा असाल तर आमिलसाहेबांकडे, खोजा असाल तर तुमच्या जमातखान्यात. निकाह शहरातल्या हॉलमध्ये झाला असला तरी नोंद हॉलच्या भागातल्या मशिदीत असेलच असं नाही. ज्याने पढवला त्याच्या वहीत ती असते. म्हणून पहिला प्रश्न हाच: कुणी पढवला?

निकाहनाम्याची नक्कल

मूळ निकाहनामा हरवला असेल तर काझीच्या रजिस्टरमधून नक्कल मिळते. जाताना नवरा-बायको दोघांची ओळखपत्रं, निकाहाची तारीख, जागा, वकील (निकाहात वधूच्या वतीने बोलणारा, कोर्टातला नव्हे) आणि दोन गवाहांची (साक्षीदारांची) नावं लिहून न्या. अर्ज साध्या कागदावर करा, पण लेखी करा आणि त्याच्या झेरॉक्सवर पोच घ्या. नकलेवर पुढच्या गोष्टी असल्याच पाहिजेत: रजिस्टरचा जिल्द क्रमांक, पान आणि अनुक्रमांक, वधू-वरांची वडिलांच्या नावासह पूर्ण नावं, निकाहाच्या वेळचं वय, त्या वेळची वैवाहिक स्थिती, वकील आणि गवाहांची नावं, मेहर (नवऱ्याने बायकोला द्यायची ठरलेली रक्कम किंवा वस्तू), आणि नक्कल दिल्याची तारीख. "मूळ नोंदीशी ताडून पाहिली" हे वाक्य आणि त्याखाली सही हवी. शिक्का सहीवर अर्धा चढलेला असू दे, पण नाव झाकू नये. कोकणात शाफई पद्धतीत वधूच्या वलीचं (वडील किंवा तसा पालक) नावही नोंदवलेलं असतं, ते नकलेत सोडू नका.

आता तीन जागा दाखवतो जिथे हा कागद हमखास फसतो.

पहिली तारीख. इस्लामी दिवस सूर्यास्ताला बदलतो. रविवारी इशाच्या नमाजनंतर झालेल्या निकाहाची हिजरी तारीख सोमवारची असते. पुढे कुणीतरी हिजरीवरून इंग्रजी तारीख काढतं आणि नकलेवर सोमवार पडतो. लग्नपत्रिकेवर मात्र रविवार असतो, आणि सरकारी विवाह निबंधक दोन्ही कागद शेजारी ठेवून अर्ज परत करतो. उपाय सोपा आहे. नकलेवर इंग्रजी तारीख, वार आणि वेळ मूळ नोंदीतूनच उतरवून घ्या. मूळ नोंदीत फक्त हिजरी तारीख असेल तर लग्नपत्रिका जोडून काझींकडून तसा खुलासा लिहून घ्या.

दुसरी मेहर. लगेच द्यायची ती मुअज्जल आणि मुदतीने द्यायची तीही कानाला जवळपास मुअज्जलच. उर्दूत लिहिताना एकात 'ऐन' आहे, दुसऱ्यात 'हमजा', पण देवनागरीत आणताना दोन्ही एकच होऊन बसतात. मराठी भाषांतरात "मेहर मुअज्जल" एवढंच आलं तर ती दिली गेली की बाकी आहे हे कुणालाच कळत नाही, आणि पुढे वाद झाला तर नुकसान बाईचं होतं. म्हणून भाषांतरात सरळ लिहा: "मेहर रुपये अमुक, निकाहाच्या वेळी रोख अदा" किंवा "मेहर रुपये अमुक, देणे बाकी". सोनं दिलं असेल तर तोळे किंवा ग्रॅम लिहा. नुसतं "दागिने" लिहू नका.

तिसरी नावं. शेख हे एकच आडनाव इंग्रजीत तीन-चार तऱ्हांनी लिहिलं जातं. निकाहनाम्यावर "रुखसाना बी", आधारवर "रुखसाना", शाळेच्या दाखल्यावर "रुक्साना बानो". काझींनी जुन्या नोंदीत खाडाखोड करू नये, ते चूकच आहे. नोंद आहे तशी उतरवायची आणि नकलेच्या तळाशी लिहायचं: "नोंदीतील अमुक आणि आधारकार्डावरील अमुक ही एकच व्यक्ती असल्याचे ओळखपत्रावरून पडताळले." त्याला जोड म्हणून एकाच व्यक्तीच्या दोन नावांचं प्रतिज्ञापत्र नोटरीकडून करून ठेवा. इंग्रजी नकलेत मात्र प्रत्येक अक्षर पासपोर्टप्रमाणेच हवं.

जुनं रजिस्टर पुरात भिजलं, वाळवीने खाल्लं किंवा काझी वारले आणि वारसांनी सांभाळलं नाही, असंही होतं. अशा वेळी नवा निकाहनामा मागच्या तारखेने लिहून घेऊ नका. ती बनावट ठरते. त्याऐवजी जमातीकडून रजिस्टर उपलब्ध नसल्याचं पत्र घ्या. हयात असलेल्या गवाहांची प्रतिज्ञापत्रं, लग्नपत्रिका, जुनं रेशनकार्ड, मुलांच्या जन्मदाखल्यावरची आईबापाची नावं हे सगळं एकत्र करा. हाच संच पुढे सरकारी नोंदणीला लागतो.

अविवाहित असल्याचा दाखला

जमाती हा दाखला बहुधा असा लिहितात: "अमुक हा आमच्या जमातीचा रहिवासी असून कुंवारा आहे." हे वाक्य जमातीलाही अडचणीत आणतं आणि मुलालाही. मुलगा आठ वर्षं पुण्यात किंवा दुबईत होता, तिथे काय झालं हे गावच्या सेक्रेटरीला कसं माहीत असणार? जे रजिस्टरमध्ये दिसतं तेवढंच लिहून घ्या. एक उपयोगी मजकूर:

"या जमातीच्या निकाह रजिस्टरची अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंतची नोंद तपासली. त्यात श्री. अमुक, वडिलांचे नाव अमुक, जन्मतारीख अमुक, यांच्या निकाहाची नोंद आढळत नाही. आमच्या माहितीप्रमाणे ते अविवाहित आहेत. हा दाखला त्यांच्या अर्जावरून, अमुक जमातीत निकाहासाठी सादर करण्याकरिता दिला आहे."

तपासणीचा काळ मुला-मुलीच्या अठराव्या वर्षापासून दाखल्याच्या दिवसापर्यंत घ्या. जावक क्रमांक घालायला सांगा, म्हणजे समोरची जमात फोन करून पडताळू शकते. खरी पडताळणी त्या फोनवरच होते, म्हणून लेटरहेडवर चालू नंबर हवा. सोबत आधार, जन्मदाखला किंवा शाळा सोडल्याचा दाखला, आणि दोन नातलग नसलेल्या साक्षीदारांच्या सह्या. मुलगी अठरा आणि मुलगा एकवीस पूर्ण नसेल तर सदराने दाखला देऊच नये. बालविवाह प्रतिबंधक अधिनियम २००६ खाली निकाह लावणारा आणि त्याला साथ देणारे दोघंही सापडतात. दाखला सहा महिन्यांहून जुना असेल तर नवा घ्या. मधल्या काळाची साक्ष तो देत नाही.

तलाक, खुला आणि पुन्हा लग्न

सगळ्यात जास्त काळजी इथे घ्यायची. एका दमात तीन तलाक दिल्याचा कागद घेऊन कुणी जमातीकडे आलं तर त्यावर "तलाकशुदा" असा दाखला देता येत नाही. मुस्लिम महिला (विवाह हक्क संरक्षण) अधिनियम २०१९ प्रमाणे असा तलाक रद्दबातल आहे, म्हणजे निकाह अजून कायम आहे. देणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. त्या कागदाच्या भरवशावर बाईचं दुसरं लग्न लावलं तर उद्या ते लग्नच वादात सापडतं. व्हॉट्सॲपवर आलेल्या संदेशालाही हेच लागू.

तलाक टप्प्याटप्प्याने, मधे समेटाचा प्रयत्न करून दिलेला असेल तर दाखल्यात ते टप्पे तारखांसह यायला हवेत: कोणत्या दिवशी उच्चारला, दोन्हीकडचे मध्यस्थ कोण होते, इद्दत (बाईने पुन्हा लग्नाआधी थांबायचा काळ) कधी संपली. शमीम आरा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये हेच सांगितलं की तलाकला वाजवी कारण हवं, त्याआधी समेटाचा प्रयत्न हवा आणि ते सिद्ध करता आलं पाहिजे. खुला किंवा मुबारत (दोघांच्या संमतीने फारकत) असेल तर दोघांच्या सह्या, मेहर परत केली की सोडून दिली, मुलं कुणाकडे, हे एकाच करारात लिहून घ्या. इद्दत तीन मासिक पाळ्यांची. पाळी येत नसेल तर तीन महिने, आणि गरोदर असेल तर बाळंतपणापर्यंत.

एवढं सगळं असलं तरी आमचा सल्ला आहे की दुसरं लग्न, परदेश किंवा मालमत्तेचा प्रश्न असेल तर जमातीच्या कागदावर थांबू नका. कुटुंब न्यायालय अधिनियम १९८४ च्या कलम ७ प्रमाणे कुणाचीही वैवाहिक स्थिती घोषित करून मागता येते. मुबारतनामा जोडून दोघांनी मिळून अर्ज केला तर वाद उरत नाही, आणि हाती येतं ते न्यायालयाचं फर्मान. ते कुठल्याही कार्यालयात चालतं.

नवरा बेपत्ता असेल तर जमात त्या बाईला विधवेचा दाखला देऊ शकत नाही, आणि देऊही नये. तिच्यासाठी मुस्लिम विवाहविच्छेद अधिनियम १९३९ आहे. चार वर्षं पत्ता नसेल, दोन वर्षं खर्चाला दिलं नसेल, किंवा सात वर्षं वा जास्त कैदेची शिक्षा झाली असेल तर न्यायालय निकाह मोडून देतं. पत्ता नसल्याच्या कारणावर दिलेला हुकूम सहा महिन्यांनी अंमलात येतो. तोवर नवरा परतला आणि नांदवायला तयार झाला तर हुकूम रद्द होऊ शकतो. पुढच्या निकाहाची तारीख धरताना हे सहा महिने मोजायचे राहून जातात.

विधवा

इथे जमातीचं काम थोडंच आहे. मृत्यूचा दाखला महापालिका किंवा ग्रामपंचायतीचाच हवा. कब्रस्तानची पावती त्याची जागा घेत नाही, पण मृत्यूची नोंद राहून गेली असेल तर ती मोलाचा पुरावा आहे, जपून ठेवा. जमातीकडून निकाहाचा उतारा आणि "पतीच्या निधनापर्यंत निकाह कायम होता" हे वाक्य घ्या. विधवेची इद्दत चार महिने दहा दिवस. या काळात तिला तहसीलला किंवा बँकेत न्यायची वेळ आली तर मोहल्ल्यातल्या चार जाणत्यांनी कागद घरी आणून सह्या घ्याव्यात. मालमत्तेसाठी महाराष्ट्रात वारस दाखला दिवाणी न्यायालयाकडून १८२७ च्या मुंबई विनियम ८ खाली मिळतो आणि तिथे निकाहाचा हाच उतारा पहिला पुरावा असतो. मुलं असतील तर पत्नीचा वाटा एक अष्टमांश, नसतील तर एक चतुर्थांश. नवऱ्याला आणखी बायका असतील तर तोच वाटा त्यांच्यात विभागतो, म्हणून प्रत्येकीचा उतारा वेगळा घ्या.

सरकारी नोंदणी

निकाहनाम्यावर काम भागतं अशी अनेकांची समजूत आहे. मोहल्ल्यात भागतंही. पण महाराष्ट्रात १९९८ चा विवाह नोंदणी अधिनियम सर्व धर्मांच्या लग्नांना लागू आहे, आणि सगळ्या धर्मांच्या लग्नांची नोंदणी सक्तीची व्हावी असं सर्वोच्च न्यायालयानेही २००६ मध्ये सांगितलं. शहरात महापालिकेच्या वॉर्ड कार्यालयात निबंधक असतो, गावात ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे ग्रामसेवक).

विवाह ज्ञापन म्हणजे नमुना 'ड' भरायचा, त्यावर १०० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावायचा. नवरा, बायको आणि तीन साक्षीदार निबंधकासमोर हजर राहतात. निकाहाला दोन गवाह पुरतात, इथे तीन लागतात, आणि तिसरा न आणल्यामुळे कितीतरी जोडपी परत फिरतात. काझींची सही आणि शिक्का ज्ञापनावर आधीच घेऊन ठेवा. निकाहनाम्याची नक्कल, उर्दू असेल तर तिचं मराठी भाषांतर, वयाचा आणि पत्त्याचा पुरावा, फोटो आणि लग्नपत्रिका जोडा. पत्रिका नसेल तर प्रतिज्ञापत्र. निकाहापासून ९० दिवसांच्या आत गेलात तर शुल्क सगळ्यात कमी, नंतर ते वाढत जातं, पण कितीही वर्षांनी नोंदणी होते. चाळीस वर्षांपूर्वीच्या निकाहाचीही. "आता उशीर झाला" म्हणून परत पाठवलं तर कारण लेखी मागा.

ज्ञापनात निकाहाच्या वेळच्या वैवाहिक स्थितीचा रकाना असतो. घटस्फोटित किंवा विधुर असूनही "अविवाहित" लिहिलं की ती चूक आयुष्यभर मागे लागते. खरं तेच लिहा. पुरुषाची आधीची बायको नांदत असेल तर तेही लपवू नका. ऑक्टोबर २०२४ मध्ये ठाण्यातल्या एका प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाने सांगितलं की या कायद्यात मुस्लिम पुरुषाच्या एकाहून अधिक विवाहांची नोंदणी करायला मनाई नाही. दुसऱ्या बायकोलाही तिचा दाखला मिळायला हवा.

काहीजण घाईने विशेष विवाह अधिनियम १९५४ खाली नोंदणी करतात. तो कायदा चांगला आहे, पण एक परिणाम आधी माहीत असू द्या: त्याखाली नोंदणी झाली की वारसाहक्क शरीयतप्रमाणे राहत नाही, भारतीय उत्तराधिकार अधिनियमाप्रमाणे चालतो. शिवाय ३० दिवसांची नोटीस लागते.

गोव्यात चित्र वेगळं आहे. तिथे १९३७ चा शरीयत कायदा लागू नाही. मुसलमानांनाही सिव्हिल रजिस्ट्रारकडे विवाहनोंदणी करावी लागते. कायद्याच्या दृष्टीने लग्न तेच, निकाह त्याच्या जोडीला. सावंतवाडी-दोडामार्गकडची मुलगी गोव्यात देताना फक्त जमातीच्या पत्रावर निश्चिंत राहू नका. बेळगाव-निपाणीकडच्यांनीही एक लक्षात ठेवावं: वक्फ मंडळाने विवाह प्रमाणपत्रं देण्याला कर्नाटक उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्थगिती दिली.

परदेशासाठी

जमातीचा दाखला थेट दूतावासात चालत नाही, कारण सदर-सेक्रेटरीच्या सहीचा नमुना शासनाकडे नसतो. साखळी अशी: निबंधकाचं विवाह प्रमाणपत्र, मग राज्य शासनाचं प्रमाणीकरण, मग परराष्ट्र मंत्रालय. सौदी अरेबिया, ओमान, बहरीन हे ॲपोस्टिल करारात (एकमेकांचे सरकारी कागद एकाच शिक्क्यावर मानणाऱ्या देशांचा करार) आहेत, म्हणून तिथे परराष्ट्र मंत्रालयाचं ॲपोस्टिल पुरतं. संयुक्त अरब अमिराती, कतार आणि कुवेतसाठी त्यानंतर त्या देशाच्या दूतावासाचा शिक्काही लागतो. अविवाहित स्थितीसाठी मुलाने स्वतः प्रतिज्ञापत्र करायचं, जमातीचा दाखला त्याला जोडायचा आणि दोन्ही मिळून प्रमाणित करून घ्यायचे. लॅमिनेशन केलेला मूळ कागद कुणी घेत नाही, कारण शिक्का मारायला जागाच उरत नाही. ते आधीच केलेलं असेल तर निबंधकाकडून नवी प्रत घ्या.

जमात दाखला देत नसेल तर

वर्गणी थकलीय, मागचा वाद मिटलेला नाही, मुलगी जमातीबाहेर देताय, अशी कारणं पुढे येतात. वर्गणी भरायला सांगणं जमातीचा हक्क आहे, पण नोंद अडवून धरणं योग्य नाही. आधी लेखी अर्ज द्या, त्यात फक्त नोंदीचा उतारा मागा, ना हरकत पत्र मागू नका. उतारा हा झालेल्या गोष्टीचा असतो, त्याला कुणाची संमती लागत नाही. पंधरा दिवस उत्तर आलं नाही तर तोच अर्ज स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोचपावती सांभाळा. मग निकाहातले गवाह आणि वकील यांची प्रतिज्ञापत्रं घेऊन थेट निबंधकाकडे जा. काझींच्या सहीची जागा मोकळी का आहे ते सांगताना हीच पोचपावती दाखवा. निबंधकानेही नाकारलं तर नकार लेखी घ्या. त्या कायद्यातच वर दाद मागायची सोय आहे, आणि त्यासाठी लेखी नकाराची तारीख लागते.